सही करण्याआधी: ख्रिस्ती जीवनात योग्य-अयोग्य ठरवायला शिकताना

वेंगुर्ला-सावंतवाडी पट्ट्यातल्या आमच्या चर्चमध्ये दर उन्हाळ्यात दृढीकरणाच्या, म्हणजे बाप्तिस्म्यानंतर विश्वास पक्का करण्याच्या संस्काराच्या, तयारीचा वर्ग भरतो. मुलांच्या वर्गाला लागूनच मोठ्यांचाही एक छोटा गट बसतो. त्यात लग्नामुळे चर्चमध्ये आलेले असतात, मुंबईची नोकरी संपवून गावी परतलेले असतात आणि वीस वर्षांनी पुन्हा मिस्साला, म्हणजे चर्चमधल्या मुख्य उपासनेला, येऊ लागलेलेही असतात. पहिल्या-दुसऱ्या रविवारी कोणीतरी विचारतंच, "देवाची इच्छा काय आहे ते कळायचं कसं?" हा गट मी घेतो आणि त्या प्रश्नावर आधी माझीच चूक सांगतो.

वडील गेले त्या वर्षी मी आई आणि दोघी बहिणींना घेऊन दुय्यम निबंधकाच्या कार्यालयात गेलो आणि तिघींच्या सह्या हक्कसोडपत्रावर, म्हणजे वडिलांच्या जमिनीतला आपला वाटा सोडून दिल्याच्या कागदावर, घेतल्या. धाकटीने विचारलं, "खंय करू सही?" मी कागदावर बोट ठेवून जागा दाखवली. अंगठ्याची शाई तिने पदराच्या टोकाला पुसली. येताना एसटी स्टँडवर सगळ्यांसाठी खाजं घेतलं. सकाळी मी मिस्साला जाऊन आलो होतो, जमीन एकत्र राहू दे म्हणून प्रार्थना केली होती, आणि दिवसभर मनात खरोखर शांती होती. नवीन माणसाने या शांतीपाशीच सावध व्हावं. ती मला इतकी खरी वाटली की पुढची बारा वर्षं मी तो कागद पुन्हा उघडला नाही.

या लेखात मी पायऱ्या दिल्या आहेत, पण जिना चढावा तशा त्या एकामागून एक येत नाहीत. कधी तिसरीवरून पुन्हा पहिलीवर यावं लागतं.

आधी काही सवयी सोडा

डोळे मिटून बायबल उघडायचं आणि बोट पडेल ते वचन देवाचं उत्तर मानायचं, असं करणारे आपल्यात पुष्कळ आहेत. चिठ्ठ्या टाकणारेही आहेत. त्यांचं म्हणणं, प्रेषितांनी, म्हणजे येशूच्या निवडक शिष्यांनीही, चिठ्ठ्याच टाकल्या होत्या. टाकल्या होत्या, खरं आहे. येशूला धरून देणाऱ्या यहूदाच्या जागी मथ्थियाची निवड तशीच झाली. ती गोष्ट प्रेषितांची कृत्ये या पुस्तकाच्या पहिल्या अध्यायात आहे. दुसऱ्या अध्यायात पवित्र आत्मा येतो आणि त्यानंतर नव्या करारात कोणताही निर्णय चिठ्ठ्यांनी झालेला दिसत नाही. पंधराव्या अध्यायात मोठा वाद उभा राहतो: यहुदी नसलेल्या विश्वासणाऱ्यांनी सुंता करून घ्यावी की नको? तेव्हा सगळे यरुशलेमेत जमतात, भांडतात, एकमेकांचे अनुभव ऐकतात, शास्त्र उघडतात आणि मग पत्र लिहितात. त्यात वेळ गेला, पण निर्णय टिकला.

दुसरी सवय म्हणजे "माझ्या मनाला पटलं" एवढ्यावर थांबणं. सदसद्विवेकबुद्धी हा माणसाचा अत्यंत आतला गाभारा आहे, तिथे तो देवाबरोबर एकटा असतो, असं कॅथॉलिक चर्चच्या दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेने १९६५ साली म्हटलं. ते पाठ असलेले लोक पुढचा भाग विसरतात. ही बुद्धी चुकू शकते, आणि सत्य शोधायची तसदीच न घेतल्यामुळे ती चुकली, तर दोष आपला. ऐकायचं तिचंच, पण आधी तिला शिकवायचं.

पहिली पायरी: कृतीला तिचं नाव द्या

मला वाटतं, निम्मं काम इथेच होतं. आपल्याकडे वाईट कामांना फार गोड नावं आहेत. लाच म्हणजे चहापाणी, फसवणूक म्हणजे धंदा, आणि एखाद्याला गप्प बसवणं म्हणजे समजूत काढणं. आमच्या घरात जे झालं त्याला आम्ही "समजुतीने मिटवलं" म्हणत होतो.

गेल्या वर्षीच्या गटात आंब्याच्या पॅकिंगला जाणारा एक तरुण होता. पेटीवर देवगड छापलेलं, आत वरच्या थरात देवगडचा हापूस आणि खाली कर्नाटकातून आलेला आंबा. "मालक म्हणतो मिक्स कर. मी काय करू?" त्याने विचारलं. कोकणच्या हापूसला २०१८ साली भौगोलिक मानांकन मिळालं, ते रत्नागिरी, सिंधुदुर्ग, रायगड, ठाणे आणि पालघर या पाच जिल्ह्यांपुरतं. बाहेरचा आंबा गोड असेल, पण तो देवगड हापूस नव्हे. मी त्याला वहीत एकच वाक्य लिहायला सांगितलं, आणि त्यात "मिक्स" हा शब्द येता कामा नये अशी अट घातली. बराच वेळ पेन चावून त्याने लिहिलं: "मी गिऱ्हाइकाला पैसे घेऊन खोटं सांगतो." मग स्वतःच म्हणाला, "म्हणजे सातवी आणि आठवी, दोन्ही आज्ञा?"

हा व्यायाम घरी करून बघा. वाक्यात कर्ता "मी" हवा. "झालं", "करावं लागलं", "पद्धत आहे" ही क्रियापदं चालणार नाहीत. ज्याच्यावर कृतीचा परिणाम होतो, ते माणूसही वाक्यात हवं. माझं वाक्य असं व्हायला हवं होतं: "मी माझ्या बहिणींचा वाटा त्यांना न सांगता माझ्या नावावर करून घेतो." हे आदल्या रात्री लिहिलं असतं तर सकाळच्या मिस्साला माझ्याच्याने उभं राहवलं नसतं.

दुसरी पायरी: प्रार्थनेआधी सातबारा

फादरांसमोर हे म्हटलं की ते हसतात, पण मी मागे घेत नाही. माहिती न काढता केलेली प्रार्थना पुष्कळदा देवाकडून आपल्याच मतावर शिक्का मारून घेण्यासाठी असते.

जमिनीपुरतं सांगतो, कारण इथे बहुतेकांचा प्रश्न शेवटी जमिनीपाशीच येतो. मृत्युपत्र न करता वारलेल्या ख्रिस्ती माणसाची मालमत्ता भारतीय उत्तराधिकार कायदा, १९२५ प्रमाणे वाटली जाते. मागे बायको आणि मुलं असतील तर बायकोचा एक तृतीयांश, आणि उरलेल्या दोन तृतीयांशाचे मुलांमध्ये सारखे भाग. मुलगा-मुलगी भेद नाही, लग्न झालं-न झालं हाही नाही. आमच्या घरी म्हणजे आईचा १/३ आणि आम्हा तिघा भावंडांचे प्रत्येकी २/९. "पोरींक लग्नात सोना दिला, झाला" हा हिशेब कायद्यात कुठेच नाही. तो आमच्या ओटीवर तयार झाला. हक्कसोडपत्र बेकायदा नाही. बहिणीला सगळं ठाऊक असेल आणि तिला मनापासून सोडायचं असेल, तर तो तिचा अधिकार. आम्ही मात्र तिला आकडाच सांगितला नव्हता. खरं तर मलाही तो माहीत नव्हता, आणि मी माहीत करून घेतला नाही, कारण माहीत नसणं सोयीचं होतं.

तर, प्रश्न पैशाचा असेल तर कागद बघा. आजाराचा असेल तर डॉक्टरला दोनदा विचारा. कोणाच्या वागण्याबद्दल असेल तर आधी त्यालाच भेटा. मत्तयच्या अठराव्या अध्यायात येशूने सांगितलेला क्रम हाच आहे: आधी दोघांत, मग एक-दोन साक्षीदार घेऊन, आणि त्यानंतर मंडळीपुढे. आपण बहुतेक वेळा उलट्या टोकाने, म्हणजे मंडळीपासून, सुरुवात करतो.

तिसरी: कृती, हेतू, परिस्थिती

कोणत्याही कृतीचं माप काढताना तीन गोष्टी पाहाव्यात ही शिकवण तेराव्या शतकात संत थॉमस अक्वायनस याने नीट मांडली, आणि कॅथॉलिक धर्मशिक्षणात ती आजही तशीच आहे. काय केलं, कशासाठी केलं, आणि कोणत्या परिस्थितीत केलं. चांगली कृती वाईट हेतूने नासते. लोकांनी बघावं म्हणून दिलेलं दान हे त्याचं नेहमीचं उदाहरण. मात्र मुळातच वाईट कृती चांगल्या हेतूने चांगली होत नाही. चांगलं व्हावं म्हणून वाईट करू या, असं म्हणणाऱ्यांना प्रेषित पौलाने रोमच्या मंडळीला लिहिलेल्या, म्हणजे रोमकरांच्या पत्रात तिसऱ्या अध्यायातच झापलं आहे.

आता समुद्रावर या. एलईडी दिव्यांच्या मासेमारीवर केंद्र सरकारने २०१७ मध्येच बंदी घातली आहे. रात्री पाण्यावर प्रखर उजेड सोडला की लहान-मोठी सगळी मासळी गोळा होते, आणि जाळं तिला एकगठ्ठा उचलतं. किनाऱ्यावरून दोर ओढणाऱ्या रापणकरांच्या वाट्याला मग उरतो तो कचरा-पालापाचोळा. रापण कशी चालते हे ज्याने पाहिलं आहे त्याला ही गोष्ट वेगळी समजवावी लागत नाही. सगळ्यांनी मिळून ओढायचं आणि वाळूवरच वाटे घालायचे. तिथे ख्रिस्ती असतात, गाबीत असतात, आणि दोराला कोणाची जात कळत नाही.

समजा, अशा एलईडी बोटीवर तुम्हाला खलाशाची नोकरी मिळते आहे आणि मुलीची फी थकली आहे. हेतू स्वच्छ आहे. कृती बेकायदा आहे, शिवाय शेजाऱ्याच्या ताटातलं उचलणारी. परिस्थिती मात्र बघावी लागते. बोटीचा मालक आणि कर्जात बुडालेला खलाशी यांची जबाबदारी एका तराजूत घालता येत नाही, आणि खलाशाचा दोष देव आपल्यापेक्षा सौम्यपणे मोजेल असं मला वाटतं. दोष कमी होतो, पण कृती बदलत नाही. म्हणून त्या खलाशाला "चालतंय रे" म्हणून पाठीवर थाप मारणंही चूक, आणि पाप-पाप म्हणून त्याला चर्चच्या दारातून परत पाठवणं त्याहून मोठी चूक. दुसरी बोट सापडेपर्यंत त्याच्या मुलीची फी कोण भरणार, हा प्रश्न चर्चमध्ये बसलेल्या आपल्या सर्वांचा आहे. आमच्या गटात हे बोलल्यावर एकदम शांतता पसरली होती. दोन माणसं पुढच्या रविवारी आलीच नाहीत.

शास्त्र कसं वाचायचं: चतुर्थीचा मोदक

बायबलमधलं एक वचन उचलून आणणं सोपं असतं. वचनाच्या मागचं-पुढचं पान वाचणं हे चौथं काम.

आपल्याकडे नव्याने आलेल्या जवळपास प्रत्येकाला भाद्रपदात हा प्रश्न पडतो. शेजारच्या काकू मोदकाचं ताट घेऊन दारात येतात. नाताळात आपण त्यांच्याकडे नेवऱ्या आणि दोदोल पाठवलेला असतो. तो प्रसाद खायचा का?

करिंथच्या मंडळीला जवळपास हाच प्रश्न पडला होता, मूर्तींना वाहिलेल्या मांसाचा. पौलाने पहिल्या पत्रात आठव्या अध्यायापासून दहाव्यापर्यंत त्यावर लिहिलं, आणि ते एका वाक्यात मावत नाही. देव एकच आहे, म्हणून खाल्ल्याने आपलं काही बिघडत नाही आणि न खाल्ल्याने काही वाढत नाही, असं तो आधी म्हणतो. लगेच सांगतो, पण तुझं ज्ञान बघून दुबळ्या विवेकाचा भाऊ अडखळत असेल तर सांभाळ. पुढे मूर्तिपूजेत सहभागी होऊ नका असं स्पष्ट बजावतो. आणि तरीही, कोणी घरी जेवायला बोलावलं तर वाढलेलं चौकशी न करता खा, म्हणतो. हे अर्पण केलेलं आहे असं कोणी मुद्दाम सांगितलं, तर सांगणाऱ्याच्या विवेकासाठी खाऊ नको. पहिली ओळ धरणारा सगळं खातो, मधली धरणारा ताट परत पाठवतो, आणि दोघेही पौलाचं नाव घेतात.

माझं मत विचाराल तर ताट दोन्ही हातांनी घ्या, काकूंना बसवा, चहा विचारा. पुढे खायचं की नाही हे घरातल्या सगळ्यांत अवघडलेला जो असेल त्याच्याकडे बघून ठरवा. कालपरवा बाप्तिस्मा झालेला आणि जुन्या घराशी अजून झगडणारा कोणी तुमच्या टेबलाशी असेल, तर त्याच्यासमोर मी खाणार नाही. आमच्या घरी खातात. माझ्या एका चुलतभावाकडे नाही खात. रोमकरांच्या चौदाव्या अध्यायात खाणाऱ्याने न खाणाऱ्याला तुच्छ लेखू नये आणि न खाणाऱ्याने खाणाऱ्याला दोष लावू नये असं म्हटलं आहे, त्यामुळे आम्ही दोघे चतुर्थीत एकमेकांकडे जेवतो आणि हा विषय काढत नाही.

विचारायचं कोणाला

फादरांना विचारा, पापनिवेदनात बोललेलं तिथून बाहेर जात नाही. मंडळीतल्या जुन्या माणसाला विचारा. व्हॉट्सॲपच्या गटात विचारू नका. आणि ज्यांचं उत्तर तुम्हाला आधीच ठाऊक आहे अशा तिघांना तर नकोच. मी तेच केलं होतं: काका, मामा आणि एक मित्र, तिघांच्याही बहिणींनी सह्या केलेल्या.

या निर्णयाने ज्याचं नुकसान होणार आहे, त्याला विचारणं सगळ्यात जड जातं. मी बहिणींना "सही करशील ना?" असं विचारलं होतं. "तुका काय व्हया?" असं एकदाही विचारलं नाही.

थांबा, आणि मनाची चव बघा

१५२१ साली पांप्लोनाच्या लढाईत तोफेचा गोळा लागून, पुढे येशूसंघ (जेझुइट) स्थापन करणाऱ्या इग्नेशियस लोयोला याचा पाय मोडला. घरी पडल्या-पडल्या वाचायला त्याला शौर्यकथा हव्या होत्या. मिळालं ख्रिस्ताचं चरित्र आणि संतांच्या कथा. तो तासन्‌तास दिवास्वप्नं बघायचा, कधी दरबारात पराक्रम गाजवण्याची, कधी संतांसारखं जगण्याची. दोन्ही बघताना मजा येई. फरक नंतर पडायचा. पहिल्या स्वप्नानंतर मन कोरडं होई, दुसऱ्यानंतर आनंद टिकून राही. त्याची सगळी पारख या एका निरीक्षणातून उगवली. त्याचाच सोबती फ्रान्सिस झेवियर १५४२ मध्ये गोव्यात उतरला, आणि आजही ३ डिसेंबरच्या सणाला आपल्याकडून गाड्या भरून लोक जुन्या गोव्याला जातात. झेवियरला नवस बोलणारे खूप, इग्नेशियसचे नियम वाचणारे थोडे.

त्याचे दोन नियम नवीन माणसाने लगेच वापरावेत. एक, मन उदास आणि कोरडं असताना आधी शांतपणे घेतलेला निर्णय बदलू नका. नोकरी सोडणं, लग्न मोडणं, भावाशी बोलणं टाकणं, असलं काही जूनच्या पहिल्या आठवड्यातल्या अंधाऱ्या संध्याकाळी ठरवू नका. दुसरा नियम मला फार उशिरा कळला. जो माणूस चुकीच्या दिशेने घसरत चाललेला असतो, त्याला वाईट आत्मा गोंजारतो आणि चांगला आत्मा टोचतो. योग्य दिशेने जाणाऱ्याला याच्या उलट. म्हणजे शांती कोणाला, कुठल्या वाटेवर मिळते आहे हे बघितल्याशिवाय तिचा अर्थ लागत नाही. निबंधकाच्या कार्यालयातून निघताना मला मिळालेली शांती कुठली होती, हे हा नियम वाचताना समजलं आणि हातातलं पुस्तक मी खाली ठेवलं.

निर्णय अडला तर इग्नेशियस आणखी एक युक्ती सुचवतो. एक अनोळखी माणूस हाच प्रश्न घेऊन आला आहे असं समजा, ज्याचं भलं व्हावं एवढीच तुमची इच्छा आहे. त्याला काय सांगाल? मग ते स्वतः करा. मरणाच्या घडीला कोणता निर्णय घेतलेला बरा वाटेल, हाही प्रश्न त्याचाच.

रोज रात्री दहा मिनिटं काढली की या सगळ्याचा सराव होतो. दिवसाबद्दल आभार माना, उजेड मागा, सकाळपासूनचे प्रसंग एकेक करून डोळ्यांसमोरून जाऊ द्या, चुकलं तिथे क्षमा मागा, उद्याचं एक काम देवाच्या हाती द्या. झोप येते, हे मान्य. मी पडवीत खुर्चीवर बसून करतो, पलंगावर कधीच नाही.

चुकलं तर

जकातदार जक्कयाने येशूला आपल्या घरी घेतलं तेव्हा नुसतं "चुकलो" म्हटलं नाही. ज्याचं लुबाडलं त्याला चौपट परत देतो म्हणाला. नुकसान भरून देता येत असेल तर ते द्यावंच लागतं, नुसत्या पापनिवेदनाने सुटका नाही, असं चर्चही शिकवतं.

मी आगमनकाळात, म्हणजे नाताळाआधीच्या तयारीच्या आठवड्यांत, पापनिवेदनाला गेलो, सगळं सांगितलं. फादरांनी ऐकून घेतलं आणि विचारलं, "जमीन आता कोणाच्या नावावर आहे?"

धाकटीकडे मालवणला गेलो. आकडे कागदावर लिहून नेले होते. तिने कागद वाचला, घडी करून ताटाखाली ठेवला आणि मासे तळायला उठली. बऱ्याच वेळाने म्हणाली, "माका पैशे नको. विहिरीकडचो तुकडो दी. थंय बाबान लावलेले रातांबे आसत." मोठीला फोन केला तर ती म्हणाली, "आता कशाक?" आणि ठेवून दिला.

हक्कसोडपत्र आपल्याआप उलटत नाही. वाटा परत द्यायचा तर नव्याने नोंदणीकृत दस्त लागतो. आमच्या बक्षीसपत्राचा मसुदा वकिलांकडे आहे, मुद्रांक शुल्काचे पैसे बाजूला काढले आहेत. तुकडा वेगळा करण्यासाठी मोजणीचा अर्ज केला आहे, तारीख आलेली नाही. मे महिन्यात धाकटी दोन पोती रातांबे घेऊन गेली. मोठीला मी दर रविवारी मिस्सानंतर फोन लावतो, ती अजून उचलत नाही.